आईची अक्षरं

रोह्याच्या दक्षिणेला, तळा तालुक्यात, राजपुरी खाडीच्या अंगाला कुडा नावाचं गाव आहे. तिथल्या डोंगरात २६ बौद्ध लेणी आहेत, इसवी सनाच्या पहिल्या काही शतकांतली. त्यातल्या एका लेण्यात एका अख्ख्या कुटुंबाची नावं दगडावर कोरलेली आहेत. घर लेखकांचं, म्हणजे महाभोज मंदव खंदपालित याच्या पदरी लेखणी चालवणाऱ्यांचं. वडील सुलसदत्त, आई उत्तरदत्ता. मुलगा शिवभूती आणि सगळ्यांत धाकटा शिवम. या शिवमच्या बायकोचं नाव विजया. त्यांचे मुलगे सुलसदत्त, शिवपालित, शिवदत्त आणि सर्पिल; मुली सर्पा, शिवपालिता, शिवदत्ता आणि सुलसदत्ता. लेणं शिवमनं दान केलं, कोरीवकामाचं दान बायको-मुलांनी दिलं आणि खांबांचं मुलींनी.

दानाची नोंद म्हणून कोरलेला हा लेख आज वाचताना दुसरीच गोष्ट नजरेत भरते. या घरात बहुतेक नावं बाहेरून आणलेली नाहीत, घरातल्या घरात जुळवलेली आहेत. बापाच्या आणि काकाच्या नावातलं ‘शिव’, आजोबांच्या नावातलं ‘सुलस’, आजी-आजोबा दोघांच्याही नावात असलेलं ‘दत्त’, शिवाय ज्याची चाकरी करायची त्या महाभोजाच्या नावातही दिसणारं ‘पालित’. तुकडे उचलायचे, फिरवायचे, पुन्हा जोडायचे. मुलीसाठी शेवटचा स्वर दीर्घ केला की झालं. आठांपैकी सहा मुलांची नावं अशी मोजक्या तुकड्यांतून उभी राहिली. आजोबांचं नाव तर एका नातवाला मिळालं आणि एका नातीलाही.

मात्र आठही नावं पुन्हा पुन्हा वाचली तरी विजया कुठेच सापडत नाही. तिचं स्वतःचं नाव लेखात आहे, दानात तिचा वाटा आहे, पण तिच्या नावातलं एक अक्षरही लेकरांकडे गेलेलं नाही.

आज पेण-रोह्याच्या घरांमध्ये मुलीच्या बारशाआधी जी जुळवाजुळव चालते, ती या कुडाच्या कुटुंबाची आठवण करून देणारी आहे. आईच्या नावातली दोन अक्षरं, बाबांच्या नावातलं एक; उलटसुलट करून, उच्चारून पाहून नाव पक्कं होतं. मग कुणीतरी विचारतंच, ‘छान आहे, पण अर्थ काय?’ या नव्या जोडनावांवर मोठ्या माणसांचा राग असतो तो बहुतेक इथेच. अर्थ नाही, व्युत्पत्ती नाही, देवाचं नाव नाही. मग हे नाव कसलं?

या रागाला शास्त्राचा आधार आहे, हे मान्य करायला हवं. मुलीचं नाव सहज उच्चारता येणारं, कठोर अर्थ नसलेलं, स्पष्ट अर्थाचं, मनाला भावणारं, मंगल आणि दीर्घ स्वरान्त असावं, असं मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात सांगितलं आहे. पारस्कर गृह्यसूत्रात मुलीच्या नावाची अक्षरसंख्या विषम असावी, शेवट आकारान्त असावा, असाही नियम आहे. आजची जोडनावं या कसोट्यांवर घासून पाहिली तर बहुतेक सगळीकडे उतरतात. ती उच्चारायला सोपी असतात, कानाला गोड लागतात आणि जवळजवळ नेहमी दीर्घ ‘आ’ किंवा ‘ई’वर संपतात. अडतात ती एकाच ठिकाणी, स्पष्ट अर्थाच्या.

प्रसिद्ध उदाहरणं घ्यावीत. आदित्य चोप्रा आणि राणी मुखर्जी यांची मुलगी डिसेंबर २०१५ मध्ये जन्मली. तिचं नाव आदिरा. शाहिद कपूर आणि मीरा यांची मिशा पुढच्याच वर्षीची. महाराष्ट्राची सून झालेल्या जेनेलियाचं नाव त्याही आधीचं, १९८७ सालचं: आई जनेट, वडील नील, आणि दोघांतून जुळलेली जेनेलिया. या नावाला कोणत्याही कोशात अर्थ शोधायची गरज नाही, कारण त्याचा अर्थ त्या दोन माणसांत आहे. आदिराची गंमत अशी, की हिब्रूत हाच शब्द ‘सामर्थ्यवान’ या अर्थाचं स्त्रीलिंगी विशेषण आहे. नाव घरातून घडलं आणि अर्थ दुसऱ्या भाषेतून येऊन त्याला मिळाला.

हिब्रूचा उल्लेख पेणच्या वाचकाला परका वाटू नये. रायगडातल्या बेने इस्राएल समाजाची, ज्यांना या, म्हणजे पूर्वीच्या कुलाबा, जिल्ह्यात ‘शनवार तेली’ म्हणत, कितीतरी आडनावं गावांवरून पडलेली आहेत: पेणचे पेणकर, रोह्याला लागून असलेल्या अष्टमीचे अष्टमकर, शिवाय दिवेकर, किहीमकर, झिराडकर. त्यांच्या जुन्या पुरुषी नावांत हिब्रू मूळ आणि मराठी ‘जी’ एकजीव झालेले दिसतात. सॅम्युएलचा सामाजी, आयझॅकचा इसाजी, मोझेसचा मुसाजी. मुंबईत १७९६ साली पहिलं सिनेगॉग उभारणारे सॅम्युएल इझिकेल दिवेकर आपल्या लोकांत सामाजी हसाजी म्हणून ओळखले जात. एका नावात दोन परंपरा सांधण्याची ही रीत या किनाऱ्यावर कुणाला विपरीत वाटली नाही.

आणि ज्या जोडनावानं मराठी घरांत सगळ्यांत जास्त जागा मिळवली, ते तर पेण तालुक्याच्याच माणसानं घडवलेलं आहे.

गागोदे हे पेण तालुक्यातलं गाव. तिथे ११ सप्टेंबर १८९५ रोजी विनायक नरहर भावे जन्मले. आई रुक्मिणीबाई त्यांना ‘विन्या’ म्हणत. १९१६ मध्ये ते गांधीजींच्या आश्रमात दाखल झाले आणि तिथे विनायकाचे ‘विनोबा’ झाले, ज्ञानोबा-तुकोबांच्या वळणावर. पाठोपाठचे भाऊही बाळकोबा आणि शिवबा म्हणून ओळखले जाऊ लागले. नावाचं पहिलं अंग घरचं आणि शेपूट संतपरंपरेचं, अशी ही घडण.

पण विनोबांनी स्वतः दिलेलं नाव याहून मोलाचं आहे. आईला गीता समजून घ्यायची होती आणि संस्कृत येत नव्हतं. मराठी पद्यातली गीता आणून दिली, तीही तिला जड गेली. तेव्हा ती मुलाला म्हणाली, तूच का नाही करत? मुलगा तेव्हा वीस वर्षांचाही नसेल. १९१८ च्या साथीत आई गेली. ७ ऑक्टोबर १९३० रोजी पहाटे वर्ध्याला विनोबांनी तिच्यासाठी लिहायला घेतलं आणि ६ फेब्रुवारी १९३१ ला काम पूर्ण झालं. गीतेचे सातशे श्लोक श्लोकास श्लोक असे मराठीत आले आणि त्या ग्रंथाचं नाव ठेवलं ‘गीताई’.

गीता आणि आई. नियमाच्या कसोटीवर पाहिलं तरी हे नाव खरं उतरतं: तीन अक्षरं, दीर्घ शेवट, मंगल. मराठीत ‘आई’ लावून नाव घडवायची वाट आधीच मळलेली होती. मुक्ताई, जनाई, तुकाई, यमाई ही तिच्यावरची ठिकाणं. विनोबांनी त्या वाटेनं जाऊन ज्या बाईनं मागणी केली तिला ग्रंथाच्या नावातच बसवलं. रुक्मिणीबाई कुठे सही करणाऱ्या, लिहिणाऱ्या नव्हत्या. तरीही गागोद्याच्या त्या आईची दोन अक्षरं आज लाखो प्रतींच्या मुखपृष्ठावर आहेत. वर्ध्याजवळ गोपुरीला गीताई मंदिरात हे श्लोक उभ्या शिळांवर कोरले आहेत. शिळेवर नाव जाण्याचा जो मान कुडाच्या विजयेला मिळाला तो रुक्मिणीबाईंनाही मिळाला, आणि विजयेला जो मिळाला नाही, लेकराच्या निर्मितीत आपलं अक्षर उमटण्याचा, तो इथे मिळाला.

आईच्या नावाची परंपरा महाराष्ट्राला ठाऊकच नव्हती असं नाही. गौतमीपुत्र सातकर्णी, वासिष्ठीपुत्र पुळुमावी हे सातवाहन राजे आईच्या गोत्रनावानं स्वतःची ओळख सांगत. नाशिकच्या लेण्यातला गौतमी बलश्रीचा लेख त्याची साक्ष आहे. पुढे ती पद्धत मागे पडली आणि मधल्या जागी बापाचं नाव पक्कं बसलं.

देवांच्या बाबतीत मात्र समाजानं जोडनावांना कधी नाक मुरडलं नाही. सीताराम, उमाशंकर, लक्ष्मीनारायण, गौरीशंकर, राधाकृष्ण. स्त्रीचं नाव आधी, पुरुषाचं नंतर, दोघांची मिळून एकच हाक. अशी नावं हजारो घरांत ठेवली गेली, पण ती मुलग्यांना. दैवी जोडप्याचं नाव मुलाला मिळत होतं. घरातल्या हाडामांसाच्या जोडप्याचं नाव मुलीला मिळायला विसावं शतक सरत यावं लागलं.

मुलीच्या नावावर खरा हक्क कुणाचा, हा प्रश्न बारशातच दडलेला आहे. पाळणा सजतो, बाळाला गोविंद-गोपाळ करत पाळण्याखालून-वरून फिरवलं जातं, घुगऱ्या वाटल्या जातात आणि कानात ‘कुर्रर्र’ करून नाव सांगते ती आत्या, म्हणजे बापाची बहीण. जमलेल्या बायका तिच्या पाठीत धपाटे घालतात. पंचांगाचा आपला वेगळा दावा असतो. अश्विनीच्या चार चरणांना चू, चे, चो, ला. रोहिणीला ओ, वा, वी, वू. हे आद्याक्षर न जुळलं तर जन्मनाव वेगळं आणि हाक मारायचं नाव वेगळं, अशी सोय घरोघर पूर्वीपासून आहे. आत्या झाली, पंचांग झालं. ज्या बाईनं नऊ महिने पोटात वाढवलं तिला या सगळ्यात नाव सुचवण्याचा ठरलेला मान रीतीनं दिलेला नाही. आता जोडनाव आधीच आई-बापानं मिळून ठरवलेलं असतं आणि आत्या ते कौतुकानं जाहीर करते. विधी तोच राहिला, निर्णयाची जागा बदलली.

आणि मुलीला मिळालेलं ते नावही टिकायचं लग्नापर्यंतच. कल्याणला १८६५ साली जन्मलेली यमुना लग्नानंतर आनंदी झाली, आणि १८८६ मध्ये अमेरिकेत वैद्यकीची पदवी घेणाऱ्या डॉ. आनंदीबाई जोशी म्हणून जगाला माहीत झाली. रमाबाई रानडे माहेरच्या यमुनाच. लक्ष्मीबाई टिळक माहेरच्या मनकर्णिका. गोदूबाई कर्व्यांच्या घरी आल्या आणि आनंदीबाई झाल्या. ताटातल्या तांदळात अंगठीनं नवं नाव रेखायचं, की जुनं पुसलं. इतकी मोठी कामं करणाऱ्या या बायकांची जन्माची नावं चरित्राच्या पहिल्या पानावर एकदा येतात आणि संपतात.

त्याहून कडू टोक सातारा जिल्ह्यात दिसलं. मुलगा हवा असताना झालेल्या मुलींची नावं ‘नकोशी’, ‘नकुसा’ अशी ठेवलेली होती. ऑक्टोबर २०११ मध्ये एका समारंभात अशा २८५ मुलींना नवी नावं दिली गेली. ‘नकोशी’ला अर्थ होता, अगदी स्पष्ट. नावाला कोशातला अर्थ असलाच पाहिजे म्हणणाऱ्यांनी हे उदाहरण जवळ ठेवावं. दोन माणसांनी आपापलं अक्षर काढून मुलीला दिलं, यात ‘हवीशी’ हा अर्थ न लिहिता आलेला असतो.

अर्थाविना जोडलेली नावं जगातही जुनी आहेत. अकराव्या शतकात इंग्लंडमधल्या वूस्टरचे बिशप वुल्फस्टन होऊन गेले. आईचं नाव वुल्फगिफू, वडिलांचं एथेलस्टन. आईचं पहिलं अंग, वडिलांचं दुसरं. शब्दशः पाहिलं तर ‘लांडगा-दगड’. कुणी हरकत घेतली नाही आणि पुढे ते संत म्हणून पूजले गेले.

जोडनावात कानाची एक परीक्षा मात्र राहतेच. मिशा हे नाव मुंबईच्या सिनेवर्तुळात चालून जातं, पेणच्या शाळेच्या पटावर ते मुलीला त्रासाचं ठरेल. जुळवलेलं नाव मराठीत आधीच दुसऱ्या कामावर असलेला शब्द नाही ना, हे पाहणं आई-बापाचं काम. नावांच्या याद्यांतून उसना अर्थ आणून चिकटवण्यापेक्षा ही काळजी जास्त गरजेची आहे. नाव कुठून आलं हे मुलीला सरळ सांगावं. ती गोष्ट तिच्यासाठी पुरेशी आहे.

कागदावरची बाजू अलीकडे बदलली. ११ मार्च २०२४ रोजी राज्य मंत्रिमंडळानं निर्णय घेतला, की १ मे २०२४ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या बालकाचं नाव शासकीय दस्तऐवजांत बालकाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव अशा क्रमानं लिहायचं. शाळेचे दाखले, परीक्षेचे अर्ज, वेतनचिठ्ठी, महसुली कागद, सगळीकडे हाच क्रम. पेणला किंवा रोह्याला आज जन्मलेल्या मुलीचं नाव आई-बापाच्या अक्षरांतून जुळवलेलं असेल, तर तिच्या चार शब्दी नावात आई दोनदा येते: एकदा तुकड्यानं, एकदा पूर्ण. विवाहित स्त्रीसाठी मात्र स्वतःचं नाव, नवऱ्याचं नाव, आडनाव हीच चालत आलेली पद्धत ठेवली आहे. मालमत्तेच्या दस्तऐवजात तिला लग्नाआधीचं नाव लावण्याची मुभा दिली आहे. म्हणजे या मुलींची लग्नं होतील तेव्हा आईचं पूर्ण नाव आणि बापाचं नाव बहुतेक कागदांवरून उतरेल. तांदळात दुसरं काही रेखू दिलं नाही, तर पहिला शब्द तेवढा राहील, आणि त्यात आईची अक्षरं असतील.