पॉपाय
अमेरिकन चित्रमालिकांतील प्रसिद्ध खलाशी. जनक एल्झी क्रिस्लर सीगार (1894–1938). ‘थिंबल थिएटर’ ही वृत्तपत्रीय मालिका 1919 पासून चालू होती. पॉपाय तीत 17 जानेवारी 1929 रोजी अवतरला, तोही जहाजावर कामाला ठेवलेला गडी म्हणून. वाचकांनी त्यालाच उचलून धरले आणि नायिका ऑलिव्ह ऑइलच्या आधीच्या प्रियकराला बाजूला व्हावे लागले. मिटलेला डोळा, तोंडात पाइप, नांगर गोंदलेले फुगीर हात, अशुद्ध बोली : नायकाला न शोभणारे हे रूपच त्याच्या लोकप्रियतेचे मर्म होय. त्याला बळ देणारा पालकाचा डबा मात्र नंतरचा. तो घरोघरी पोहोचवला 1933 पासूनच्या फ्लायशर स्टुडिओच्या चलत्‌चित्रपटांनी. त्यांत पॉपायला आवाज देणारे जॅक मर्सर त्याच्या तोंडी ऐनवेळी सुचलेली पुटपुट घालीत. गंमत बरीचशी तिच्यातच आहे. पालक पिकवणाऱ्या टेक्ससमधील क्रिस्टल सिटीने 1937 मध्ये पॉपायचा पुतळा उभारला. रॉबर्ट ऑल्टमनच्या चित्रपटात (1980) रॉबिन विल्यम्सने त्याची भूमिका केली; त्यासाठी माल्टात वसवलेले गाव आजही पर्यटनस्थळ आहे. निन्टेन्डोला पॉपायचे हक्क वेळेत न मिळाल्याने ‘डाँकी काँग’ (1981) हा व्हिडिओ गेम जन्मला. 1929 मधील मूळ पॉपाय 1 जानेवारी 2025 पासून अमेरिकेत स्वामित्वहक्कमुक्त झाला आहे.