दक्षिणा, वर्गणी आणि भागभांडवल

पेशवाईत श्रावण महिना आला की पुण्याच्या वाटा ब्राह्मणांनी भरून जात. दूरदूरचे शास्त्री, वैदिक आणि त्यांच्या आडोशाने नुसते जानवेधारीही पर्वतीच्या पायथ्याच्या रमण्यात जमत आणि सरकारी खजिन्यातून दक्षिणा घेऊन परतत. प्रथा मुळात तळेगावच्या सेनापती दाभाड्यांची. १७३१ साली डभईच्या लढाईत त्र्यंबकराव दाभाडे पडले आणि तिचा मान पुण्याकडे आला. १८१८ मध्ये राज्य बुडाले, पण माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने दक्षिणा एका फटक्यात बंद केली नाही. सरसकट वाटप थांबवले, रक्कम आखडली, परीक्षेला उतरणाऱ्या विद्वानांचा हक्क राखला आणि त्याच पैशातून १८२१ मध्ये विश्रामबाग वाड्यात संस्कृत पाठशाळा काढली. मराठीतल्या ज्ञानाच्या पुस्तकांचा माग काढत गेले की माणूस या दक्षिणेपाशी येऊन थांबतो.

पोथी, लावणी, पुढे नाटक आणि कादंबरी यांना मराठीत गिऱ्हाईक कायम होते. रसायन, अर्थशास्त्र, आरोग्य, समाजाची घडण यांवरच्या पुस्तकांचे तसे नव्हते. त्यांना आधी पैसा शोधावा लागे आणि मग वाचक. आणि पैसा ज्याच्या हातून येई, तोच बहुधा काय छापायचे आणि काय नाही हेही ठरवी.

पहिला दाता सरकार. १८२२ मध्ये मुंबईत शालोपयोगी पुस्तकांसाठी एक संस्था निघाली, तीच पुढे बॉम्बे नेटिव्ह एज्युकेशन सोसायटी झाली. कॅप्टन जॉर्ज जर्व्हिस या इंजिनिअर अधिकाऱ्याच्या देखरेखीखाली गणिताची पुस्तके मराठीत आली. शास्त्रीमंडळी भाषांतर करीत, साहेब ते तपासत. सदाशिव काशीनाथ छत्र्यांसारखा माणूस या कामात वाकबगार ठरला. पुढे मेजर थॉमस कँडीने भाषांतरखाते हाती घेतले आणि मराठी गद्याला स्वल्पविराम-पूर्णविरामांची शिस्त लावली. पुस्तके निघाली, पण ती शाळेच्या बाकापुरती. बाकावरून उठलेल्या माणसाने काय वाचावे, हा प्रश्न कोणाच्या टेबलावर नव्हता.

तो १८४९ मध्ये पुण्यात उभा राहिला. गोपाळ हरी देशमुख, म्हणजे लोकहितवादी, त्या सुमारास भाऊ महाजनांच्या ‘प्रभाकर’मध्ये शतपत्रे लिहीत होते. त्यांनी आणि त्यांच्या विचारांच्या तरुणांनी सरकारकडे अर्ज केला: दक्षिणेतला काही पैसा मराठीत उपयुक्त ग्रंथ लिहिणाऱ्यांना बक्षीस म्हणून द्यावा आणि लेखकाची जात पाहू नये. शहरात गदारोळ उसळला. श्रावणातला हक्क काढून तो पुस्तकांना द्यायचा म्हणजे धर्मावर घाला, असा सनातन्यांचा सूर होता. सुधारकांच्या पाठीशी उभे राहिलेल्यांत बावीस वर्षांचे जोतीराव फुले होते. सरकारने अर्ज मानला आणि १८५१ मध्ये दक्षिणा प्राइझ कमिटी अस्तित्वात आली. पर्वतीच्या रमण्यातला पैसा छापखान्याकडे वळला.

चारच वर्षांनी फुल्यांनी कमिटीपुढे एक नाटक ठेवले. ‘तृतीय रत्न’मध्ये एक जोशी कुणब्याच्या गरोदर बायकोला ग्रहांची भीती घालतो, शांतीच्या नावाखाली नवराबायकोला कर्जात लोटतो, विदूषक मधूनमधून दोन्ही बाजूंचे पितळ उघडे पाडतो आणि शेवटी ते जोडपे शाळेत जायचे ठरवते. अंधश्रद्धा आणि निरक्षरता यांची सांगड दाखवणारे हे लेखन उपयुक्त ज्ञानाच्या कसोटीला उतरायला हवे होते. कमिटीने ते नाकारले. तिच्यातल्या भटसभासदांपुढे इतरांचे काही चालले नाही, असे फुल्यांनी नंतर लिहून ठेवले आहे. ज्या कमिटीच्या मागणीसाठी ते उभे राहिले, तिनेच दार लावले. नाटक छापील रूपात लोकांपुढे यायला विसाव्या शतकाचा उत्तरार्ध उजाडला.

बक्षिसाला पर्याय होता तो वर्गणीचा. बाळशास्त्री जांभेकरांनी ६ जानेवारी १८३२ रोजी ‘दर्पण’ सुरू केले आणि १८४० मध्ये ‘दिग्दर्शन’ हे मराठीतले पहिले मासिक काढले. त्यात भूगोल, इतिहास, पदार्थविज्ञान, रसायन असे विषय असत. एल्फिन्स्टन कॉलेजात गणित शिकवणारा आणि कुलाब्याच्या वेधशाळेचे काम पाहणारा हा माणूस १८४६ मध्ये ऐन उमेदीत गेला. एल्फिन्स्टनच्याच विद्यार्थ्यांच्या सभेतून १८५० मध्ये ‘मराठी ज्ञानप्रसारक’ निघाले. सभेत वाचलेले निबंध त्यात छापले जात. १८६७ मध्ये रामचंद्र भिकाजी गुंजीकरांनी ‘विविधज्ञानविस्तार’ सुरू केले आणि ते सत्तर वर्षे चालले. या ज्ञानाच्या मासिकात गुंजीकरांची ‘मोचनगड’ ही ऐतिहासिक कादंबरीही क्रमशः येत होती. वर्गणीदाराला पुढचा अंक हवासा वाटायला असे काही जवळ असलेले बरे.

वर्गणीवर मासिक चालते. तेवीस खंडांचे काम चालवायचे तर वेगळी सोय लागते. ती डॉ. श्रीधर व्यंकटेश केतकरांनी शोधली.

केतकर रायपूरला १८८४ मध्ये जन्मले, बडोदे संस्थानच्या मदतीवर अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठात गेले आणि जातिसंस्थेच्या इतिहासावर इंग्रजीत प्रबंध लिहून डॉक्टर होऊन परतले. सरकारी नोकरी नाही, मागे संस्थान नाही, आणि डोक्यात ज्ञानकोश. त्यांनी नागपुरात ‘ज्ञानकोश मंडळ लिमिटेड’ नावाची कंपनी स्थापली. कापडाची गिरणी किंवा साखरेचा कारखाना काढतात तशी ज्ञानाची कंपनी, तिचे भाग विकायचे, वर्गणीदार आधी गोळा करायचे आणि त्यांच्या पैशावर खंड छापायचे. १९१६ मध्ये सुरू झालेले काम पुढे पुण्याला आले. पहिले पाच खंड प्रस्तावनेचे होते. त्यातला पाचवा ‘विज्ञानेतिहास’. अकारविल्हे नोंदी त्यानंतर. ‘अ’ ची वाट पाहणाऱ्या वर्गणीदाराच्या हाती आधी वेदविद्या, बुद्धपूर्व जग आणि बुद्धोत्तर जग पडले. केतकरांना त्यात वावगे वाटले नाही. मराठी माणसाला जगाच्या नकाशावर स्वतःची जागा आधी कळावी, सुट्या नोंदी मग, असा त्यांचा हिशेब होता.

विसाच्या दशकाच्या अखेरीस तेवीस खंडांचे काम पुरे झाले. त्याआधीच त्यांनी ‘माझे बारा वर्षांचे काम’ हे पुस्तक लिहून मंडळाची कहाणी मांडली होती. विद्वानाने आपल्या विद्येपेक्षा धंद्याबद्दल इतक्या मोकळेपणाने लिहिल्याची उदाहरणे मराठीत फार नाहीत. भागधारक, छपाई, माणसे जमवणे, माणसे तुटणे, सारे त्यात आहे. या कचेरीत तयार झालेले यशवंत रामकृष्ण दाते आणि चिंतामण गणेश कर्वे यांनी पुढे महाराष्ट्र शब्दकोश सिद्ध केला. म्हणजे कंपनीने नफा मिळवला नसेल, पण कोश करणारी एक पिढी मिळवली. केतकर स्वतः कादंबऱ्यांकडे वळले, ‘ब्राह्मणकन्या’ त्यातली गाजलेली. १९३७ मध्ये त्यांचा अंत झाला तेव्हा पैशाची ओढाताण संपलेली नव्हती.

केतकरांचे खंड छापखान्यातून बाहेर पडत असतानाच मुंबईत एक माणूस सगळी कंपनी एकट्याच्या अंगावर घेऊन बसला होता. रघुनाथ धोंडो कर्वे गणिताचे प्राध्यापक, महर्षी कर्व्यांचे थोरले चिरंजीव. १९२१ मध्ये त्यांनी संततिनियमनाचे केंद्र उघडले. मेरी स्टोप्स यांचे लंडनमधले केंद्र त्याच वर्षीचे. १९२३ मध्ये या विषयावरचे पुस्तक आले आणि प्रचार थांबवा अशी कॉलेजच्या चालकांची मागणी पुढे आली. कर्व्यांनी नोकरी सोडली.

जुलै १९२७ मध्ये त्यांनी ‘समाजस्वास्थ्य’ मासिक काढले. लेखक, संपादक, मुद्रितशोधक, व्यवस्थापक आणि तोटा सोसणारा धनी हे सगळे तेच. जोडीला पत्नी मालतीबाई. मुखपृष्ठावर नग्न स्त्रीचे चित्र. आत गुप्तरोग, गर्भनिरोध, विवाह, नग्नता, वेश्याव्यवसाय यांवर शास्त्रीय माहिती, परीक्षणे, ‘शारदेची पत्रे’ हे सदर आणि वाचकांच्या प्रश्नांना रोखठोक उत्तरे. डॉक्टरपुढे आणि घरात ज्या गोष्टी कोणी उच्चारत नसे, त्या लोक या मासिकाला टपालाने विचारीत. उत्तर देताना कर्वे धीर देत नसत, उपदेश करीत नसत. शरीरात काय घडते तेवढे सांगत.

या उत्तरांवरच १९३४ मध्ये अश्लीलतेचा खटला झाला. त्याआधी १९३१ मध्ये ‘व्यभिचाराचा प्रश्न’ या लेखाबद्दल त्यांना एकदा दंड झालेलाच होता. दुसऱ्या वेळी बचावाला उभे राहिले डॉ. बाबासाहेब आंबेडकर. लैंगिक प्रश्नांना वाहिलेल्या मासिकाला वाचक असे प्रश्न विचारणारच आणि संपादकाने ज्ञानाच्या आधारे उत्तरे देणे हा गुन्हा नव्हे, असा त्यांच्या युक्तिवादाचा रोख होता. कोर्टाने तो मानला नाही. दोनशे रुपये दंड झाला. त्या काळच्या मासिकाच्या वर्गणीशी ताडून पाहिले तर ही रक्कम लहान नव्हती. तरी अंक निघत राहिले. १४ ऑक्टोबर १९५३ रोजी कर्वे गेले आणि मासिकही त्यांच्याबरोबर संपले. दाता, प्रकाशक आणि लेखक एकच असला की कोणी दार लावू शकत नाही. पण तो माणूस गेला की दार उघडायलाही कोणी उरत नाही.

महाराष्ट्र राज्य झाले आणि दाता पुन्हा सरकार बनले, या वेळी आपले. यशवंतराव चव्हाणांच्या पुढाकाराने १९६० मध्ये साहित्य संस्कृती मंडळ स्थापन झाले, अध्यक्ष तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी. मराठी विश्वकोशाचे काम कृष्णाकाठच्या वाईला सुरू झाले, कारण प्राज्ञपाठशाळेत घडलेले शास्त्रीबुवा तिथले. संस्कृत पाठशाळेच्या गावात अणुभट्टी, जीवाणू आणि संख्याशास्त्र यांवर नोंदी लिहून घेतल्या जाऊ लागल्या. विज्ञानातल्या संज्ञा मराठीत काय लिहायच्या यावर इतका खल झाला की आधी १९७३ मध्ये परिभाषेचा खंड काढावा लागला. पहिला खंड १९७६ मध्ये आला. विसावा यायला २०१५ साल उजाडले. केतकरांनी सुमारे बारा वर्षांत आटोपले, सरकारला पहिल्या खंडापासून जवळजवळ चाळीस लागली. मात्र विश्वकोश कोणा एकाच्या आयुष्याला बांधलेला नव्हता. लक्ष्मणशास्त्री १९९४ मध्ये गेले, मे. पुं. रेग्यांनी धुरा घेतली, तेही गेले, काम चालू राहिले.

बक्षिसाची जुनी युक्तीही मोडीत निघाली नव्हती. १९६६ मध्ये मुंबईत मराठी विज्ञान परिषद स्थापन झाली आणि तिने विज्ञानरंजन कथांची स्पर्धा सुरू केली. १९७४ मध्ये ‘नारायण विनायक जगताप’ नावाच्या कोणा लेखकाची ‘कृष्णविवर’ ही कथा आली आणि तिला पहिले बक्षीस मिळाले. लेखक निघाले जयंत विष्णु नारळीकर. आद्याक्षरे उलटी करून टोपणनाव घेतले होते आणि हस्ताक्षर ओळखू येऊ नये म्हणून कथा पत्नी मंगलाताईंकडून लिहवून घेतली होती. फुल्यांच्या वेळी लेखकाचे नाव आडवे आले होते. नारळीकरांना आपले नाव उपयोगी पडेल याचीच धास्ती होती. त्या कथेतून सुरू झालेला लेखक २०२१ मध्ये नाशिकच्या साहित्य संमेलनाचा अध्यक्ष झाला.

सत्तरच्या दशकात दिनकर गांगल आणि मित्रांनी ‘ग्रंथाली’ काढली ती वाचकांच्या चळवळीसारखी: सभासद व्हा, पुस्तक कमी किमतीत घ्या. दया पवारांचे ‘बलुतं’ १९७८ मध्ये आणि लक्ष्मण मान्यांचे ‘उपरा’ १९८० मध्ये इथून आले. समाजशास्त्राच्या ग्रंथांना जे जमले नव्हते ते या आत्मकथनांनी केले. गावकुसाबाहेरच्या आणि भटक्या जातींच्या जगण्याची माहिती मध्यमवर्गाच्या दिवाणखान्यात पोचली. एरवी हजार प्रतींच्या आवृत्तीचा मोठा आधार १९६७ च्या कायद्याने अनुदान मिळालेली गावोगावची ग्रंथालये. अच्युत गोडबोले यांची ‘किमयागार’, ‘अर्थात’ अशी जाडजूड पुस्तके दुकानातून आवृत्त्यांमागून आवृत्त्या खपली, तेव्हा निव्वळ गिऱ्हाइकाच्या पैशावर विज्ञान आणि अर्थशास्त्र उभे राहू शकते हे मराठी प्रकाशनाने दीडशे वर्षांनंतर पाहिले.

आता केतकरांचा ज्ञानकोश यशवंतराव चव्हाण प्रतिष्ठानने संकेतस्थळावर ठेवला आहे, विश्वकोश सरकारने. ज्या खंडांसाठी एकेकाळी वर्गणीदार आधी पैसे भरत, त्यांना आता दाम मोजावे लागत नाही. खर्च उचलणारे तेच जुने: एक प्रतिष्ठान, एक सरकारी मंडळ. विश्वकोशाच्या नोंदी अद्ययावत करण्यासाठी विद्यापीठे आणि संस्था यांच्याबरोबर विषयवार ज्ञानमंडळे केली आहेत आणि दर नव्या नोंदीआधी जाणकार लेखक मिळवण्याचे काम संपादकांना आजही करावे लागते.