‘सावकारी पाश’ : एका हरवलेल्या मूकपटाची साक्ष



उसाचा हंगाम आटोपून कोयत्यांची बिऱ्हाडे नुकतीच जामखेडच्या वाड्यावस्त्यांवर परतली आहेत. अशा वेळी आम्ही शंभर वर्षांमागील एका मूकपटाचा विषय काढावा, हे कित्येकांना विचित्र वाटेल. परंतु त्या चित्रपटातील शेतकऱ्याचे आणि या बिऱ्हाडांचे नाते फार जवळचे आहे.

१९२५ साली कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनीतर्फे ‘सावकारी पाश’ काढला. कथा हरि नारायण आपट्यांची. पडद्यावर तेव्हा देवादिकांचे आणि राजेरजवाड्यांचे राज्य; तेथे बाबूरावांनी कुणबी आणून उभा केला. तरुण व्ही. शांताराम शेतकरी झाले. जमीन सावकाराच्या घशात जाते आणि शेतकरी शहरात जाऊन गिरणीकामगार होतो, एवढीच कथा.

ती खोटी नव्हती. १२ मे १८७५ रोजी सुप्याच्या बाजारात कुणब्यांनी सावकारांची खते हिसकावून जाळली, आणि ते लोण आपल्या नगर जिल्ह्यातही आले. राग माणसांपेक्षा कागदांवर अधिक होता. कारण कुणब्याला वाचता येत नव्हते आणि कोर्टात कागदच बोलत असे. १८७९ च्या कायद्याने पुणे, सातारा, सोलापूर व नगर या जिल्ह्यांत खतामागचा खरा व्यवहार तपासण्याची मुभा कोर्टांना मिळाली. तरीही ४६ वर्षांनी बाबूरावांना हा चित्रपट काढावासा वाटला, यातच सारे आले.

जपानात १९३१ साली यासुजिरो ओझू यांनी ‘टोकियो कोरस’ हा मूकपट केला. विमा कंपनीने म्हाताऱ्या सहकाऱ्याला काढले म्हणून एक कारकून एकटाच साहेबाला जाब विचारतो आणि स्वतःची नोकरी घालवून बसतो. पुढे मुलीच्या दुखण्यापायी बायकोचे किमोनो विकावे लागतात. तो चित्रपट आज पाहायला मिळतो. आपला मूक ‘सावकारी पाश’ मात्र नाहीसा झाला आहे.

नाहीसा झाला तो चित्रपट, पाश नव्हे. मुकादमाची उचल फिटेपर्यंत नवराबायको मिळून एक कोयता, आणि हिशेबाची वही मुकादमाकडे! आमच्या वडिलांनी कशाकशावर अंगठा उठवला होता, हे आम्हांला वाचायला शिकल्यावरच कळले. तोवर उशीर झाला होता.

म्हणून विनंती एवढीच : पुढची उचल घेताना हिशेबाची नक्कल मागा, आणि त्या जपानी कारकुनासारखी एकट्याने नव्हे, दहाजणांनी मिळून मागा.