ताम्रसृतीचे ऋण

शिटी वाजवीत आलेली आगगाडी फलाटावरून पुढे निघून गेली, की शिटीचा सूर एकाएकी उतरतो. उगम दूर जाऊ लागला, की त्याच्या लहरी लांबतात. प्रकाशाचेही काहीसे असेच आहे. ताऱ्याच्या प्रकाशाचा वर्णपट घेतला, म्हणजे त्यात ठराविक जागी काळ्या रेघा दिसतात. त्या रेघा तांबड्या टोकाकडे सरकल्या, तर त्या सरकण्याला ताम्रसृती म्हणतात. विश्व प्रसरण पावत आहे, हे मानवाला या रेघांनीच सांगितले. त्याचे श्रेय बहुधा एडविन हबल या एका नावाला दिले जाते. पण कथेचा प्रारंभ दुसरीकडे आहे.

अमेरिकेत फ्लॅगस्टाफ येथील लॉवेल वेधशाळेत व्हेस्टो स्लायफर यांनी १९१२ साली देवयानीतील सर्पिल तेजोमेघाचा वर्णपट घेतला. प्रकाश इतका मंद, की एकेका छायाचित्राला कित्येक तास लागत. कधी काम अनेक रात्री चाले. देवयानी सेकंदाला सुमारे ३०० किलोमीटर वेगाने आपल्याकडे येत असल्याचे आढळले. परंतु १९१७ पर्यंत तपासलेल्या २५ मेघांपैकी २१ दूर जाणारे निघाले. ते किती अंतरावर आहेत, हे मात्र अज्ञात होते.

ती अंतरे हबल यांनी १९२३ नंतर मोजली. त्यासाठी हेन्रिएटा लेव्हिट यांनी चल ताऱ्यांविषयी शोधलेला नियम उपयोगी पडला. हे मेघ म्हणजे आपल्या आकाशगंगेबाहेरील स्वतंत्र दीर्घिका ठरल्या. १९२७ साली बेल्जियमचे धर्मगुरू व गणिती जॉर्ज लमेत्र यांनी आइन्स्टाइनच्या समीकरणांवरून दाखविले, की येथे आगगाडीचा दृष्टान्त पुरा पडत नाही. दीर्घिका अवकाशातून धावत नाहीत. अवकाशच ताणले जाते आणि वाटेतील प्रकाशलहरीही त्याबरोबर लांबतात. त्यांचा निबंध फ्रेंचमध्ये असल्याने फारसा वाचला गेला नाही. अंतर दुप्पट तर वेगही दुप्पट, हा नियम हबल यांनी १९२९ साली प्रसिद्ध केला. त्यातील बहुतेक वेग स्लायफर यांनी मोजलेले होते. निबंधात त्यांचे नाव नव्हते.

१९३१ साली लमेत्र यांच्या निबंधाचा इंग्रजी अनुवाद निघाला, तेव्हा नेमका वेगांविषयीचा भाग त्यात नव्हता. तो कोणी हेतुपुरस्सर कापला, असा संशय पुढे घेतला गेला. २०११ साली उजेडात आलेल्या पत्राने तो फिटला. अनुवाद स्वतः लमेत्र यांनीच केला होता, आणि आपली जुनी चर्चा पुन्हा छापण्याजोगी उरली नाही, असे समजून तो भाग त्यांनीच गाळला होता.

२०१८ साली आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्रीय संघाने या नियमास हबल-लमेत्र नियम म्हणावे, असे ठरविले. स्लायफर यांचे नाव त्यातही नाही. १९५३ साली, मृत्यूच्या काही महिने आधी, हबल यांनी स्लायफर यांना पत्र लिहून त्यांचे वेग आणि आपली अंतरे यांच्या मेळातूनच हा शोध लागल्याचे मान्य केले होते. वर्गात हा नियम शिकविताना मी म्हणूनच फळ्यावर तिन्ही नावे लिहितो.