हसवणाऱ्याचे नाव

चार्ली चॅप्लिनची ती ढगळ विजार मुळात रॉस्को आर्बकल या जाड्या नटाची होती, असे सांगतात. चॅप्लिन आम्हांला घरचा वाटतो. आर्बकलचे नावही आमच्यापैकी अनेकांनी ऐकलेले नसते.

१९१३ साली तो मॅक सेनेटच्या कीस्टोन कंपनीत आला. एक-दोन रिळांचे विनोदपट. दोन रिळे म्हणजे वीस-पंचवीस मिनिटे. पाठलाग, घसरगुंडी, फेकाफेकी. एवढ्या अवजड देहाचा माणूस पिसासारखा कोलांट्या मारी, हीच गंमत होती. १९१७ च्या 'द बुचर बॉय'मध्ये दुकानात पिठाच्या पिशव्या उडतात आणि एक गंभीर चेहऱ्याचा तरुण काकवीत चिकटून बसतो. तो बस्टर कीटन, पडद्यावर पहिल्यांदाच. सिनेमाचे तंत्र कीटन आर्बकलकडेच शिकला. लोक आर्बकलला 'फॅटी' म्हणत; पडद्याबाहेर मात्र ते नाव त्याला खपत नसे.

सप्टेंबर १९२१ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या एका हॉटेलातील मेजवानीत व्हर्जिनिया रॅप ही नटी आजारी पडली आणि चार दिवसांनी वारली. आर्बकलवर आधी खुनाचा, मग सदोष मनुष्यवधाचा आरोप आला. खटला उभा राहण्यापूर्वीच हर्स्टच्या वृत्तपत्रांनी निकाल देऊन टाकला. दोनदा ज्यूरीचे एकमत झाले नाही. तिसऱ्या ज्यूरीने १२ एप्रिल १९२२ रोजी काही मिनिटांत त्याला निर्दोष सोडले. शिवाय नुसती सुटका पुरेशी नाही, याच्यावर मोठा अन्याय झाला, असे लेखी कळवले. बचावाच्या भरात त्या मृत तरुणीच्याही अब्रूची लक्तरे निघाली, हेही आम्ही विसरू नये.

निकालानंतर अवघ्या सहा दिवसांनी चित्रपटधंद्याचे नवे कारभारी विल हेज यांनी त्याच्या चित्रपटांवर बंदी घातली. आरोप पहिल्या पानावर आणि सुटका आतल्या कोपऱ्यात, हे आम्हां वाचकांना काही नवे नाही. पण इथे कोर्टाने सोडलेल्या माणसाला त्याच्याच बिरादरीने वाळीत टाकले. त्याच वर्षी डिसेंबरात बंदी उठली, तरी पडदा बंदच राहिला. पुढे तो विल्यम गुडरिच या टोपणनावाने दिग्दर्शन करी. कीटनने मात्र साथ सोडली नाही.

१९३२-३३ मध्ये स्वतःच्या नावाने सहा छोटे बोलपट करायला मिळाले. २९ जून १९३३ रोजी झोपेतच तो गेला, वय ४६.

१९१८ चा त्याचा 'द कुक' हरवलाच असे धरले होते. १९९८ मध्ये नॉर्वेत त्याची प्रत सापडली. त्यात आर्बकल आचारी आहे, कीटन वेटर. तो मागे न बघता बशा भिरकावतो आणि हा त्या झेलतो.