स्टंपांमागचा माणूस

नगर जिल्ह्यात (आता अहिल्यानगर) क्रिकेटचा विषय निघाला की दोन गावांची नावं हमखास येतात. झहीर खानचं श्रीरामपूर आणि अजिंक्य रहाणेचं आश्वी खुर्द. २०२५ च्या आयपीएलमध्ये रहाणे कोलकात्याचा कप्तान होता, आणि त्या टीमचा हेड कोच होता एक जुना मुंबईकर विकेटकीपर, चंद्रकांत पंडित. आजचा लेख या पंडितांवर.

आधी थोडं विषयांतर. बेसबॉलमध्ये कॅचर नावाचा गडी असतो. फटका मारणाऱ्याच्या मागे उकिडवा बसतो, आणि पुढचा चेंडू कसा टाकायचा हे पिचरला बोटांच्या खुणांनी सुचवतो. बाकी सगळे फिल्डर त्याच्याकडे तोंड करून उभे. अख्खं मैदान समोर दिसतं ते फक्त याला. अमेरिकेत कितीतरी नामांकित मॅनेजर मूळचे कॅचर. ब्रूस बोची हा तर बहुतेक काळ राखीव कॅचर, नऊ सीझनमध्ये जेमतेम ३५८ सामने. पण मॅनेजर म्हणून त्याने चार वर्ल्ड सिरीज जिंकल्या.

आपला कीपरही तसाच. कसोटीच्या एका दिवसात ९० ओव्हर, म्हणजे ५४० वेळा खाली बसा, उठा. बॉलरचं मनगट, बॅट्समनचे पाय, कोणता फिल्डर दोन पावलं सरकलाय, सगळं त्याला दिसतं. घेतलेले शंभर चेंडू कोणी मोजत नाही, सुटलेला एक मात्र सगळ्यांच्या लक्षात राहतो. (प्रॉडक्शन सपोर्टमध्ये काम केलेल्यांना हे वेगळं समजवायला नको!)

पंडित हे आचरेकर सरांचे शिष्य. १९८६ मध्ये लीड्सला पहिली कसोटी खेळले. त्याच वर्षी मद्रासच्या गाजलेल्या टाय कसोटीत त्यांनी ३५ आणि ३९ धावा केल्या. १९८७ च्या वर्ल्ड कपमध्ये वानखेडेवरची सेमीफायनलही खेळले. पण तो जमाना किरण मोरेंचा. ग्लोव्हज एकच जोडी, दावेदार दोन. पंडितांच्या वाट्याला आल्या फक्त ५ कसोट्या आणि ३६ वनडे. फर्स्ट क्लासमध्ये मात्र आठ हजारांवर धावा आणि २२ शतकं!

पुढे ते मध्य प्रदेशकडून खेळायला लागले. १९९९ ची रणजी फायनल, बंगलोरचं चिन्नास्वामी, समोर कर्नाटक. पंडित कप्तान. पहिल्या डावात ७५ धावांची आघाडी होती, म्हणजे मॅच नुसती ड्रॉ झाली असती तरी ट्रॉफी आपलीच. शेवटच्या डावात विजय भारद्वाजने सहा विकेट काढल्या आणि एमपी १५० वर गारद. ९६ धावांनी हार.

मग कोचिंग. २००२-०३ आणि २००३-०४ ला मुंबईला रणजी, २०१५-१६ ला पुन्हा मुंबई. त्यानंतर विदर्भ. या टीमने तोवर एकदाही रणजी जिंकलेली नव्हती. पंडितांनी २०१७-१८ आणि २०१८-१९ अशी लागोपाठ दोनदा जिंकून दिली. पहिल्या फायनलमध्ये १३३ ठोकणारा अक्षय वाडकरही कीपरच, बरं का!

२०२० मध्ये ते परत मध्य प्रदेशात आले, कोच म्हणून. ज्या होळकरांच्या सुनेचं, अहिल्याबाईंचं, नाव आज नगरला मिळालंय, त्यांच्याच नावाच्या टीमने इंदूरला कधीकाळी चार रणजी आणल्या होत्या. मध्य प्रदेश म्हणून मात्र पाटी कोरीच. पंडितांची शिस्त कडक. कर्णधार आदित्य श्रीवास्तवला स्वतःच्या लग्नासाठीही मोजकीच सुट्टी मिळाली, हे खुद्द पंडितांनीच सांगितलं. २६ जून २०२२, तेच चिन्नास्वामी, समोर ४१ वेळा रणजी जिंकलेली मुंबई. मध्य प्रदेश सहा विकेट राखून जिंकलं आणि कडक पंडित सर मैदानात रडले. तेवीस वर्षांची उधारी होती ती.

आता दुसरी बाजू. ही शिस्त सगळीकडे चालते का? कोलकात्याने २०२४ ची आयपीएल जिंकली, पण तेव्हा श्रेयाचा मोठा वाटा मेंटॉर गौतम गंभीरकडे गेला. २०२५ ला टीम आठवी आली आणि पंडितांनी पद सोडलं. मला वाटतं, दोन महिन्यांसाठी जमलेले करोडोंचे स्टार आणि वर्षभर हाताशी असलेली रणजीची पोरं, ही दोन वेगळी कामं आहेत. पंडितांचा हातखंडा दुसऱ्या कामात. ज्यांना कोणी ओळखत नाही अशा अकरा जणांना, तुम्ही जिंकू शकता, हे पटवायचं.

सहा रणजी ट्रॉफ्या, तीन वेगळ्या टीम. पाच कसोट्यांचा हिशोब त्यापुढे फार किरकोळ वाटतो. आपल्याकडे माणूस किती खेळला हे आपण लगेच गुगल करतो. त्याने किती जणांना खेळवलं, याचा आकडा स्कोअरकार्डवर नसतो.

असो. पुढची मॅच बघाल तेव्हा एखादी ओव्हर नुसतं कीपरकडे बघा. मॅच वेगळीच दिसते.