कौतुकाचे सहा दिवस

केळापूरच्या यवतमाळ जिल्ह्याला लागूनच हिंगोली जिल्हा आहे. तेथे औंढा नागनाथजवळची जागा लायगो-इंडिया या वेधशाळेसाठी निवडली गेली. चार-चार किलोमीटरच्या दोन काटकोनी भुजा, त्यांत निर्वात नळ्या आणि लेसर. त्यासाठी भूमी निवांत हवी.

गुरुत्वीय लहरींचा शोध ११ फेब्रुवारी २०१६ रोजी जाहीर झाला. सहाच दिवसांत केंद्रीय मंत्रिमंडळाने प्रकल्पास तत्त्वतः मान्यता दिली. सुमारे २,६०० कोटी रुपयांची मंजुरी मात्र एप्रिल २०२३ मध्ये मिळाली. कौतुकाला सहा दिवस, पैशाला सात वर्षे!

होमी भाभांनी मार्च १९४४ मध्ये टाटा विश्वस्तांना पत्र लिहिले आणि जून १९४५ मध्ये त्यांची संस्था सुरू झाली, हे येथे आठवतेच. तुलना पूर्ण न्याय्य नव्हे. त्या संस्थेचे मुंबईत प्रारंभी एका बंगल्यात भागले. येथे अणुऊर्जा आणि विज्ञान-तंत्रज्ञान ही दोन खाती, पुणे, इंदूर, गांधीनगरच्या संस्था, शिवाय अमेरिकेशी करार. एक सही दुसरीची वाट पाहणारच.

तरीही एक गोष्ट खटकते. हॅनफर्डसाठी घडवलेले जादा उपकरण अमेरिकेने भारतासाठी राखून ठेवले होते. ती सातही वर्षे त्याचे सुटे भाग गोदामात पडून होते.